होग्ना सिगुर्दार्दोत्तिर : जमिनीत बसलेलं घर

कोनाडा (धागाकर्ती)

मागच्या महिन्यात एका क्लायंटच्या दिवाणखान्यात एक भिंत उघड्या काँक्रीटची ठेवायची ठरली होती. सेंट्रिंगला प्लाय न लावता फळ्या लावायच्या, म्हणजे लाकडाच्या रेषा आणि गाठी भिंतीवर उमटतात. फळ्या मी स्वतः वखारीत जाऊन एकेक बघून घेतल्या. भिंत उतरली सुरेख. पंधरा दिवसांनी साइटवर गेले, तर त्यावर पुट्टी मारून वर ऑफ-व्हाइट रंग! "मॅडम, काम अर्धवट सोडल्यासारखं दिसत होतं हो." काय बोलणार? घरी आले आणि चिडचिड घालवायला होग्नाच्या घरांचे फोटो काढून बसले. त्यातून हा धागा.

होग्ना सिगुर्दार्दोत्तिर, आइसलँडची वास्तुरचनाकार. जन्म १९२९, मृत्यू २०१७. "सिगुर्दार्दोत्तिर" हे आडनाव नव्हे. सिगुर्दुरची मुलगी, एवढाच त्याचा अर्थ. तिथे आडनावं जवळपास नसतातच, पंतप्रधानांनाही पहिल्या नावानेच हाक मारतात आणि टेलिफोन डिरेक्टरीही पहिल्या नावाप्रमाणे लावलेली असायची. तेव्हा मी तिला होग्नाच म्हणणार, उगाच सलगी दाखवतेय असं समजू नका.

ती वेस्टमन बेटांवरची. आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्यापासून थोडं आत समुद्रात ही बेटं आहेत, त्यातल्या हेइमाएय या एकाच बेटावर वस्ती. मासेमारीचं बंदर, काळा खडक, पक्ष्यांनी भरलेले कडे आणि वारा. तो वारा साधासुधा नाही. बेटाच्या दक्षिण टोकाला स्तोरहोफ्दी नावाचं हवामान केंद्र आहे, युरोपातल्या सर्वाधिक वाऱ्याच्या ठिकाणांत ते मोजलं जातं. अशा जागी वाढलेल्या माणसाला घर म्हणजे आधी आडोसा, हे कुणी शिकवावं लागत नसणार.

त्या काळी आइसलँडमध्ये आर्किटेक्चर शिकवणारी शाळाच नव्हती. ज्याला शिकायचं त्याने परदेशी जायचं, आणि परदेश म्हणजे बहुधा कोपनहेगन. होग्ना १९४९ साली पॅरिसला गेली, एकोल दे बोझ-आर्ट या कलाशाळेत. पदवी हातात पडायला १९६० उजाडलं. त्या शाळेत इतकी वर्षं लागणं काही विशेष नव्हतं म्हणा.

डिप्लोमाचा प्रकल्प तिने पॅरिसचा घेतला नाही. ह्वेरागेर्दी नावाच्या गावातला घेतला. तिथे जमिनीतून उकळतं पाणी येतं, त्यावर हरितगृहं तापवून भाजीपाला पिकवतात. अशा एका माळ्याचं घर आणि त्याची हरितगृहं तिने काढली, घर अर्धवट मातीत रुतलेलं. शाळेने त्याला बक्षीस दिलं. त्याच सुमाराला तिने वेस्टमन बेटांवर एक घर बांधलं. आइसलँडमधल्या इमारतीचा आराखडा करणारी ती पहिली स्त्री.

साठच्या दशकात राजधानी रेक्याविक आणि आसपास तिची मोजकीच घरं झाली. त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे गार्दाबाइर या शेजारच्या गावातलं बाक्काफ्लोत १, काळ १९६५ ते १९६८. रस्त्यावरून पाहिलं तर घर आहे हे पटकन कळत नाही. भिंतींना बाहेरून मातीचे उतार टेकवलेत, त्यावर गवत. गवताच्या वर काँक्रीटच्या छपराची जाड कड तेवढी दिसते. आत शिरलं की सगळं उघडं काँक्रीट, फळ्यांच्या रेषांसकट. बसायची बैठक, शेकोटी, आंघोळीचा टब हेही काँक्रीटचंच, जागेवर ओतलेलं. घराच्या पोटात एक मोठी बैठकीची जागा आणि बाकीच्या खोल्या तिच्या भोवती.

विसाव्या शतकात उत्तर आणि मध्य युरोपात झालेल्या शंभर महत्त्वाच्या इमारतींची एक निवड झाली होती, त्यात हे घर आहे. एका कुटुंबाचं, बैठं, गावातल्या गल्लीतलं घर!

पुढचं प्रतिसादात लिहिते, कुकर झाला.

---

आजीचा_डबा

वाचतेय. काँक्रीटचा टब?? हिवाळ्यात पाठ टेकवायची कशी?
बाकी त्या क्लायंटचं मला पटतं हं, रागवू नका. आमच्या सोसायटीचा जिना उघड्या काँक्रीटचा आहे, दोन पावसाळ्यांत काळा-हिरवा झालाय.

---

शंकासुर

चांगला धागा, पण एक बाळबोध शंका. ब्रुटॅलिझम, म्हणजे उघड्या काँक्रीटची शैली, ती वास्तुरचनाकार ल कॉर्ब्युझिएची, म्हणजे पॅरिसची. ही बाई पॅरिसला शिकली, तिथली फॅशन घेऊन आइसलँडला गेली आणि वर थोडं गवत लावलं. यात आइसलँडचं काय?

---

कोनाडा

शंकासुर, हाच मुद्दा मला लिहायचा होता, बरं केलंत.

आइसलँडमध्ये लाकूड नाही. पहिल्या वसाहतीत होती ती बर्चची जंगलं माणसांनी आणि मेंढ्यांनी संपवली. सैबेरियाकडून समुद्रातून वाहत येणारे ओंडके किनाऱ्यावर सापडत, तेवढंच मोठं लाकूड. मग घर कशाचं? दलदलीतून गवतासकट, मुळांसकट मातीच्या जाड विटा कापायच्या, त्या दगडांच्या साथीने रचून हात-दीड हात नव्हे, चांगल्या मीटरभर जाडीच्या भिंती करायच्या, आत वाहून आलेल्या लाकडाचा सांगाडा आणि छपरावर पुन्हा गवत. शेकडो वर्षं खेड्यातली माणसं अशाच घरांत राहिली. मध्यावर बाथस्तोवा, म्हणजे एकच लांबट खोली. झोपणं, जेवणं, लोकर कातणं, मोठ्याने वाचन, सगळं तिथेच, कारण सगळ्यांच्या अंगाची ऊब एका जागी राहायची. १९१० च्या सुमारास निम्मी लोकसंख्या अजून अशा घरांत होती.

आणि लोकांना त्याची लाज वाटू लागली होती. ओल, अंधार, आजारपण, गरिबी, डेन्मार्कचं राज्य, सगळं त्या मातीच्या घराला चिकटलेलं. त्यातून बाहेर पडायचं ते काँक्रीटच्या घरात. १९१५ मध्ये रेक्याविकच्या मध्यवस्तीत मोठी आग लागली, लाकडी घरं जळाली, मग शहरात लाकडी बांधकामावर बंदी आली आणि काँक्रीट हेच नव्या देशाचं साहित्य ठरलं.

म्हणजे होग्नाच्या आईवडिलांची पिढी मातीतून काँक्रीटमध्ये आली. होग्नाने त्याच काँक्रीटला परत मातीत बसवलं. हे पॅरिसहून आणता येत नाही. पॅरिसहून तिने आणलं ते काँक्रीट उघडं ठेवायचं धाडस.

---

माळवद

धाग्याला +१.
आमचं मूळ गाव सोलापूरकडचं. माळवदाचं, म्हणजे सपाट मातीच्या छपराचं घर होतं. पांढऱ्या मातीच्या भिंती इतक्या जाड की खिडकीत मांडी घालून बसायचो. मे महिन्यात बाहेर बेचाळीस डिग्री आणि आत आजी दुपारी चादर घेऊन झोपायची. वडिलांनी १९८८ ला ते पाडून आरसीसी स्लॅबचं बांधलं, गावात मान वाढला आणि आम्ही रात्री गच्चीवर झोपायला लागलो. त्यामुळे "लाज वाटणं" हे वाचून थबकलो.

---

सळई_आणि_सिमेंट

तीस वर्षं साइटवर आहे, कौतुकात थोडं पाणी मारतो. (काँक्रीट पक्कं व्हायला पाणी मारतात, ते क्यूरिंग समजा.)

आइसलँडच्या काँक्रीटची गोष्ट इतकी सरळ नाही. सिमेंटला चुनखडी लागते. आइसलँड सगळं बेसाल्ट, म्हणजे आपला सह्याद्रीचा काळा पाषाणच, चुनखडी औषधाला नाही. १९५८ मध्ये आक्रानेसला सिमेंटचा सरकारी कारखाना सुरू झाला, त्याने काय करावं? फाक्साफ्लोई नावाच्या उपसागराच्या तळातून शिंपल्यांची वाळू उपसून आणली. शिंपल्यातला चुना आणि ह्वालफ्योर्दुरमधला ऱ्हायोलाइट दगड. आपल्या कोकणात शिंपल्या भाजून चुना करायचे, पण देशभराचं सिमेंट त्यातून काढायचं म्हणजे कमाल आहे.

गोम पुढे आहे. या सिमेंटमध्ये अल्कलीचं प्रमाण जास्त, आणि खडी-वाळू बरीचशी समुद्रातून उपसलेली, खारी, न धुतलेली. अल्कली आणि खडीतली सिलिका यांची आतल्या आत प्रतिक्रिया होते, एक जेल तयार होतं, ते पाणी पिऊन फुगतं आणि काँक्रीट आतून तडकतं. वर नकाशासारख्या भेगा दिसतात. साठ आणि सत्तरच्या दशकातल्या पुष्कळ घरांना हा रोग झाला. १९७९ पासून त्यांनी सिमेंटमध्येच सिलिका फ्यूम मिसळायला सुरुवात केली, फेरोसिलिकॉनच्या भट्टीच्या धुरातून मिळणारी बारीक पूड. आज आपण हाय-राइजला सिलिका फ्यूम घालतो तेव्हा मला आइसलँडची आठवण येते. सगळ्या सिमेंटमध्ये तो सरसकट घालणारा पहिला देश तोच.

म्हणजे होग्नाची घरं बरोबर त्या वाईट वर्षांतली. गिलावा नाही, रंग नाही, वर बर्फ गोठणं-वितळणं चालूच. क्लायंट मूर्ख नसतो हो, ताई. आजीचा_डबा यांच्या जिन्याला माझी सहानुभूती आहे.

---

कोनाडा

काका, दंडवत! शिंपल्यांचं मला माहीत होतं, सिलिका फ्यूमचं नव्हतं.

तुमचं बरोबरच आहे, उघडं काँक्रीट तिकडच्या हवेत सोपं नाही. पण बाक्काफ्लोतच्या बाहेरच्या भिंतींचा बराच भाग मातीच्या उतारामागे आहे, आणि ज्या काँक्रीटवर फळ्यांच्या रेषा हाताला लागतात ते आतलं, कोरडं. आत ते तापमान धरूनही ठेवतं. रेक्याविक भागात घरं जमिनीतल्या गरम पाण्यावर तापतात, त्यामुळे आजीचा_डबा, टबात बसल्यावर पाठ गारठत असेल असं वाटत नाही.

---

उत्तरध्रुवी

मी सहा वर्षं रेक्याविकला राहतो, कामानिमित्त. गार्दाबाइरला एका सहकाऱ्याकडे जातो, तेव्हा हे घर मी खरंच पाहिलंय, रस्त्यावरून. (लोक राहतात तिथे, त्यामुळे थांबून टकामका बघणं बरं दिसत नाही.) फोटोंत एक गोष्ट कळत नाही ती सांगतो. इथे वारा आडवा येतो. पाऊसही आडवाच. छत्री हा प्रकार आम्ही पहिल्या आठवड्यातच कचऱ्यात टाकला. आजूबाजूची घरं या वाऱ्याला छाती काढून उभी असतात. हे घर उकिडवं बसलंय. आपण शेतात जोराचा वारा सुटला की कसे बसतो बांधाच्या आडोशाला, अगदी तसं. डिसेंबरात दिवस जेमतेम चार तासांचा, त्यात बर्फ पडलं की उतार आणि छप्पर एक होऊन जातं, मधून पिवळा दिवा तेवढा दिसतो.

आणि काकांना : आक्रानेसच्या त्या सिमेंट कारखान्याची चिमणी २०१९ मध्ये सुरुंग लावून पाडली. मी तेव्हा आलो असतो तर नक्की बघायला गेलो असतो.

इथे परदेशी पाहुणे आले की मी त्यांना हाल्ग्रिम्सकिर्क्याला नेतो. सगळे तेच बघतात. ग्वुद्योन साम्युएलसोन यांचं ते चर्च. आराखडा १९३७ चा, काम १९४५ ला सुरू, संपलं १९८६ ला. वास्तुरचनाकार १९५० मध्येच गेले. साडेचौऱ्याहत्तर मीटर उंच, दोन्ही बाजूंनी बेसाल्टच्या खांबांसारख्या पायऱ्या चढत गेलेल्या. आइसलँडची वास्तुकला म्हणजे हेच, असं माझंही चार वर्षं मत होतं.

---

पानगळ

वाचनखूण साठवली. उत्तरध्रुवी, "उकिडवं बसलेलं घर" फार आवडलं.

अवांतर : उघड्या काँक्रीटचा विषय निघाला आणि अच्युत कानविंदे यांचं नाव अजून कुणी घेतलं नाही? आपल्या आचऱ्याचे, जन्म १९१६, जे.जे.मध्ये शिकले, मग हार्वर्डला वास्तुरचनाकार ग्रोपियसकडे. आयआयटी कानपूरचा परिसर त्यांचा. होग्नापेक्षा तेरा वर्षांनी मोठे, पण काम साधारण त्याच वर्षांतलं.

---

कोनाडा

पानगळ, कानविंदेंवर वेगळा धागा तुम्हीच काढा, मी पहिला प्रतिसाद देईन.

ग्वुद्योन यांचं नाव आलं ते बरं झालं, कारण दोघांची तुलना केल्याशिवाय होग्ना नीट कळत नाही. ग्वुद्योन १९२० पासून सरकारी वास्तुरचनाकार. स्वतंत्र होऊ घातलेल्या देशाला स्वतःचा चेहरा द्यायचा, हे त्यांचं काम. ते त्यांनी मनापासून केलं. १९३० मध्ये थिंगवेत्लिरला, म्हणजे जिथे आइसलँडची जुनी लोकसभा भरायची त्या मैदानावर, त्यांनी एक घर बांधलं : पांढऱ्या भिंती, शेजारी शेजारी तीन तिकोनी दर्शनी पाखी. जुन्या मातीच्या शेतघराचं पुढून दिसणारं रूप, काँक्रीटमध्ये. चर्चमध्ये त्यांनी बेसाल्टचे खांब घेतले. दोन्हीकडे दुरून ओळखू येईल असं काहीतरी. पोस्टाच्या तिकिटावर शोभेल असं.

होग्नाने जुन्या घराचं तोंड घेतलं नाही, पोट घेतलं. तिकोनी पाखी नाही, सपाट छप्पर. जुन्या घराचा फोटो आणि बाक्काफ्लोतचा फोटो शेजारी ठेवले तर साम्य दिसणारच नाही. पण दोन्हींत डोळे मिटून फिरवलं, तर कळेल असं मला वाटतं : जाड भिंत, वारा बंद, मध्यावर सगळ्यांची एक जागा, शेकोटी, हाताला खरखरीत काहीतरी. मला ग्वुद्योन यांचं चर्च आवडतं, पण राहायला जायचं झालं तर प्रश्नच नाही.

---

शंकासुर

हे पटलं. माझी पॅरिसची शंका मागे घेतो. दुसरी काढतो.

एवढं मातीवर प्रेम, तर बाई आयुष्यभर फ्रान्समध्ये का राहिल्या?

---

कोनाडा

राहिली खरी. संसार तिथे, व्यवसाय तिथे. आद्रियाँ फॅन्सिलबेर यांच्याबरोबर पॅरिसच्या उत्तरेला व्हिलतानूझच्या विद्यापीठाचं मोठं काम तिने केलं. फॅन्सिलबेर म्हणजे पुढे ला व्हिलेतचं विज्ञान संग्रहालय करणारे. फ्रान्समध्ये ती होग्ना आन्स्पाख नावानेही ओळखली जायची. १९९२ मध्ये फ्रान्सच्या वास्तुकला अकादमीवर तिची निवड झाली. तिची मुलगी सोलवेग आन्स्पाख सिनेमा दिग्दर्शिका, जन्म वेस्टमन बेटांवरचाच. २०१५ मध्ये आईच्या आधी गेली.

का राहिली याचं उत्तर मी देणार नाही, ते तिचं तिला ठाऊक. माझा अंदाज एवढाच, की गावात राहणाऱ्याला मातीचं घर म्हणजे ओल आणि खोकला आठवतो. त्यातलं चांगलं काय होतं ते दिसायला थोडं लांब जावं लागत असावं. माळवद, तुम्ही आज माळवदाबद्दल जे लिहिलंत ते तुमच्या वडिलांनी १९८८ मध्ये लिहिलं असतं का?

---

माळवद

नसतं. त्यांना पावसाळ्यात गळणाऱ्या माळवदावर रात्री चढून माती दाबावी लागायची. मी आठवणी काढतो कारण मी कधी चढलो नाही.

---

उत्तरध्रुवी

वेस्टमन बेटांबद्दल थोडं, कारण मी गेल्या उन्हाळ्यात फेरीबोटीने जाऊन आलो. २३ जानेवारी १९७३ च्या पहाटे गावाच्या अगदी कडेला जमीन फाटली आणि तिथे नवा ज्वालामुखी उभा राहिला, एल्डफेल. वस्ती पाच हजारांहून थोडी जास्त. आदल्या दिवशीच्या वादळामुळे मासेमारी बोटी बंदरातच होत्या म्हणून सगळं गाव एका रात्रीत मुख्य भूमीवर पोचलं. सुमारे चारशे घरं लाव्हा आणि राखेखाली गेली. लाव्हा बंदराचं तोंड बुजवणार असं दिसल्यावर पंप लावून महिनोन्महिने त्यावर समुद्राचं पाणी मारलं, बंदर वाचलं. लोक बरेचसे परत आले.

एक उकरून काढलेलं घर तिथे आता संग्रहालयात ठेवलंय. राखेने छप्पर चेपलेलं, भिंत वाकलेली, आत बल्बचं होल्डर तसंच. ते पाहताना "घर मातीत बसवणं" याचा दुसरा अर्थ डोक्यात आला. होग्ना तेव्हा त्रेचाळीस वर्षांची, पॅरिसमध्ये. जन्मगाव असं गाडलं जाताना बातम्यांत बघायचं म्हणजे काय.

---

सळई_आणि_सिमेंट

गरम लाव्हावर पाणी मारून भिंत घट्ट केली म्हणजे क्यूरिंगच की.
माफ करा, राहवलं नाही.

---

आजीचा_डबा

:D काका!

मला अजून एक व्यावहारिक प्रश्न आहे. बैठक ओतलेली, टब ओतलेला. झाडलोट सोपी, मान्य. पण दिवाळीला घराची मांडामांड बदलायची म्हटली तर?

---

शंकासुर

तेच! माझी खरी तक्रार हीच आहे. आर्किटेक्टने ठरवायचं मी कुठे बसणार, कुठे तोंड करून बसणार, आणि ते पण सळया घालून. ही हुकूमशाही झाली. नवरा-बायकोचं भांडण झालं तर सोफा फिरवून दुसरीकडे तोंड करायचीसुद्धा सोय नाही.

---

माळवद

शंकासुर, आमच्या त्या घरात ओसरीचा ओटा मातीचा, भिंतीतच. देवळी भिंतीत, कपाट भिंतीत, चूल जमिनीत, रांजण जमिनीत पुरलेला, उखळ तर पायाच्या दगडात कोरलेलं. हलवता येण्यासारखं काय होतं? पाट आणि घोंगडी. आजोबा साठ वर्षं त्याच ओट्याच्या त्याच कोपऱ्यात बसले, तिथली माती गुळगुळीत झाली होती. हुकूमशाही वगैरे कुणाला वाटली नाही.

---

कोनाडा

माळवद, हे मी होग्नाच्या धाग्यात घातलं नसतं तर हळहळले असते. बाथस्तोवातही असंच, पलंग भिंतीला बांधलेले, दिवसा त्यावर बसून काम, रात्री झोप. ज्याची त्याची जागा ठरलेली. तिने सोफा ओतला तो तिथून आला असावा.

---

शंकासुर

बरं. पण आजोबांच्या ओट्यावर घोंगडी होती.

---

कोनाडा

होग्नाच्या बैठकीवर चामड्याच्या गाद्या आहेत हो.

---

शंकासुर

मग बसतो.